बुढ्याची चाल

तेव्हा चंद्रपूरला चांदाच म्हणत. आमच्या युनिटला मुंबईहून तिकडच्या रानातल्या लोकांवर माहितीपट करायला पाठवलं होतं. चांद्याहून मोटारीने, मग वैनगंगा डोंग्याने ओलांडून, पुढे बैलगाडीने आम्ही धानोऱ्यापलीकडच्या एका गोंड गावात पोचलो. आमच्या दिग्दर्शक साहेबांना नाच हवा होता. तो दोन दिवसांत घेऊन झाला. मग ते तापाने फणफणले आणि गडचिरोलीला परतले. उरलेली फिल्म आणि चावीचा कॅमेरा माझ्याकडे, त्यांच्या सहायकाकडे, राहिला.

मी एका म्हाताऱ्या जोडप्याच्या पडवीत उतरलो होतो. सकाळी दोघं मोह वेचायला निघत. बुढ्याचा डावा पाय अस्वलाने कधीतरी फाडलेला. तो पाय टाकण्याआधी बुढे क्षणभर थांबत. मी त्यांना काहीच करायला सांगितलं नाही. तीन दिवस कॅमेरा नुसता मांडीवर घेऊन बसलो. चौथ्या दिवशी ते मला विसरले, तेव्हा चावी दिली. पुढे आयुष्यभर जे काम केलं, ते त्या सकाळी शिकलो.

"काय पाहून राह्यला, भाऊ?" बाई पहिल्याच दिवशी हसून म्हणाल्या होत्या. "चालनं कधी पाह्यलं नाई?"

मुंबईत संकलकाने तो सगळा भाग काढून टाकला. "म्हातारा नुसता चालतोय. घडत तर काहीच नाही." पडद्यावर नाच तेवढा गेला. टाकलेल्या तुकड्यांतून वीतभर पट्टी मी उचलली आणि वहीत ठेवली.

दोन वर्षांनी कोळशाच्या खाणीवरच्या फिल्मसाठी चांद्याला आलो, तेव्हा चार दिवसांची रजा काढून गावात गेलो. बाई एकट्याच होत्या. बुढे मागच्या पावसाळ्यात गेले होते.

पाणी देऊन त्यांनी पहिलं हेच विचारलं, "तुमच्या त्या डब्यात बुढा अजून चालून राह्यला काय?"

मी वहीतून पट्टी काढून दिली. एक डोळा मिटून त्यांनी ती उन्हाकडे धरली. कितीतरी वेळ हात खाली आला नाही.

"हाच हाये. पन हालत नाई."

त्याला यंत्र लागतं, असं मी सांगितलं. बाकीचं फेकून दिलं, हेही सांगितलं.

"फेकलं काऊन?"



बाईंनी पट्टी पदराला बांधली आणि उठल्या. "असा जाये तो," म्हणत अंगण चालू लागल्या. डाव्या पायापाशी थांबायचं, मग पुढे. कुंपणापर्यंत गेल्या, वळल्या, तशाच परत आल्या. मान किंचित खाली, एक हात मांडीवर. मी विसरलेला तो हातसुद्धा त्यांना आठवत होता.

या वेळी कॅमेरा माझा होता, फिल्मही भरलेली होती. तरी माझा हात पिशवीकडे गेला नाही. तेव्हा तेच बरोबर वाटलं. आता म्हातारपणी वाटतं, 'हे चालणं फिल्मवर घेऊ का?' असं बाईंना एकदा विचारून तरी पाहायचं होतं.