तुटकं बोलायला शिकलेला माणूस

जर्मनीला जायला नाशिकहून निघाले तेव्हा गाडीत बॅगा चढवता चढवता शेजारच्या काकूंनी विचारलं, "कसला गं अभ्यास?" मी म्हणाले, "जर्मन सिनेमा-मालिकांत काळ्या माणसांना कसं दाखवतात, त्याचा." काकू बाबांकडे बघायला लागल्या. बाबा घाईघाईने म्हणाले, "मीडियामधली पीएचडी आहे हो." आई डोळे पुसत म्हणाली, "काळ्या लोकांचं तुला एवढं काय पडलंय?" तेवढ्यात गाडी सुटली.

हे वाचणाऱ्या म्युनिकच्या तुम्हा मराठी इंजिनियर मंडळींना निदान सांगता तरी येतं, गाड्यांचे ब्रेक बनवतो म्हणून. मी हॅनोव्हरला दिवसभर जुन्या मालिका बघायचे. त्यांत काळा माणूस म्हणजे फरशी पुसणारा, देश सोडून पळालेला, पोलिसांनी पकडलेला. नावं तेवढी वेगळी.

त्यातल्याच एका नटाला भेटायला रेगेन्सबर्गला गेले. योहानेस, साठी उलटलेले. वडील घानाचे, आई रेगेन्सबर्गचीच. बोली इतकी अस्सल तिथली, बव्हेरियन, की माझं पुस्तकी जर्मन लंगडं पडलं. "पहिल्याच शूटिंगला दिग्दर्शक म्हणाला, इतकं चांगलं नको, तुटकं बोला," ते सांगत होते. "मला तुटकं येतच नव्हतं हो. घरी सराव करायला लागलो, तर आई स्वयंपाकघरातून बाहेर आली. म्हणाली, हे कुणाचं बोलणं आणलंस माझ्या घरात?" ते हसले.

निघताना त्यांनी विचारलं, "तुमच्याकडे काळ्या माणसाला कसल्या भूमिका देतात?" मी म्हणाले, "आमच्याकडे काळी माणसं..." आणि थांबले. टेबलावरचा माझा हात त्यांच्या हातापेक्षा फारसा उजळ नव्हता. "गेनाऊ," ते म्हणाले. म्हणजे, अगदी बरोबर.

तेव्हापासून बसल्या जागी चैन पडेना. दिवाळीला घरी गेले तर आई मालिका बघत होती. नायिका सावळी, म्हणून सासरचे छळत होते.

"पोरगी गोरीच आहे गं, रंगवलंय तिला," आईने कौतुकाने सांगितलं.

"मग खरीच सावळी का नाही घेतली?"

"शोभायला नको?" ती बोलून गेली, मग तिने माझ्याकडे बघितलं. माझा रंग तिचाच. मी तिला योहानेसची गोष्ट सांगितली. टीव्हीचा आवाज कमी करून ती म्हणाली, "हे मला बघायला आले तेव्हा तुझ्या आज्जीने पावडर थापली होती तोंडाला. जन्मभर वाटत राहिलं, फसवलं यांना."

आता प्रबंधात आपल्याकडच्या मालिकांचंही एक प्रकरण हवं, म्हणून मी माझ्या मार्गदर्शक प्राध्यापिकेशी भांडतेय. ती अजून तयार नाही. आई मात्र तयारीला लागलीय. बाबांशी फोनवर बोलताना मागून तिचा आवाज येतो, "अहो, बघा, हिलाही रंगवलंय!" मग आम्ही दोघी तावातावाने बोलत बसतो. नाशिकला गेले की इकडे यावंसं वाटतं, इकडे आले की तिकडे. घर कुठलं, हे मला आता धड सांगता येत नाही. पण ती तिकडे चिडलेली असते, मी इकडे, आणि तेवढा वेळ कुठेच जावंसं वाटत नाही.