बाजूचे काळे पडदे

तबकडी गोल नव्हती. माझं म्हणणं एवढंच होतं, आणि घरात ते कुणाला पटत नव्हतं.

मुलाचं घर अमेरिकेत, पार्सिपनीला. खाली बेसमेंट, त्यात एक जुना कॉम्प्युटर, आणि त्या कॉम्प्युटरवर माझ्या बायकोनं वसवलेलं एक गाव. खरं गाव नव्हे, गेममधलं. झाडं तोडायची, दगड आणायचे, विहीर खणायची, घरं बांधायची. घरं झाली की माणसं आपोआप राहायला येतात, असा तो गेम. ही गेली त्याला चौदा महिने झाले होते. तिच्या साड्या मी माझ्या बहिणीला देऊन टाकल्या, भांडी वाटली, कपाट रिकामं केलं आणि मुलानं बोलावलं म्हणून इकडं आलो. इकडं तिचं काही शिल्लक असेल असं डोक्यातच नव्हतं. सूनबाईनं एका रविवारी चहा पिता पिता सांगितलं, "बाबा, आईंचं गाव मी डिलीट नाही केलं हं. बघायचंय?"

बघायचंय का म्हणजे काय! मी कप तसाच ठेवून खाली उतरलो.

हे गाव झालं कसं ते सांगतो. चार वर्षांपूर्वी आम्ही दोघं सहा महिन्यांसाठी आलो होतो. सुनेला दिवस गेलेले, डॉक्टरनं झोपून राहायला सांगितलेलं. बाहेर बर्फ. हिचे गुडघे दुखायचे, ती कुठं जायची नाही. मग सासू आणि सून दोघी मिळून हा गेम घेऊन बसायच्या. आधी सुनेच्या हातात माऊस आणि हिच्या तोंडात हुकूम. महिन्याभरात माऊस पण हिच्याच हातात. चौथी शिकलेली बाई, इंग्रजीचं एक अक्षर येत नव्हतं, पण चित्रं बघून सगळं समजायची. मी काय करत होतो? मी पार्किंगमध्ये फेऱ्या मारत होतो. खाली आलो की म्हणायचो, "काय पोरखेळ लावलाय." ती म्हणायची, "तुमचं काय जातंय? तुम्ही जा तिकडं गाड्या मोजायला." मी जायचो. एकदाही तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसलो नाही. हे लिहून ठेवतो, कारण खरं आहे.

तर आता मला ते गाव बघायचं होतं. नुसतं बघायचं नव्हतं, तिनं पाहिलं तसं बघायचं होतं. तेवढं एकच मागणं होतं माझं त्या दिवशी.

सुनेनं कॉम्प्युटर चालू केला, पण जुना डब्यासारखा मॉनिटर चालू होईना. मुलगा वरून ओरडला, "तो गेला कधीच! नवीन फ्लॅट आणलाय ना, तो लाव." नवीन मॉनिटर म्हणजे पातळ आणि चांगला हातभर रुंद. लावला. गेम उघडला. छपरं दिसली, झाडं दिसली, छोटी छोटी माणसं डोक्यावर ओझी घेऊन चाललेली दिसली. सुनेचे डोळे भरून आले. मला रडायला सवडच झाली नाही, कारण मला दिसलं की चित्र चुकलंय.

गेमच्या कोपऱ्यात एक तबकडी असते, तिच्यावर काटा फिरतो, उन्हाळा, पावसाळा, हिवाळा दाखवतो. ती तबकडी आडवी पसरली होती. आडव्या अंड्यासारखी. आणि माणसं! सगळी माणसं बुटकी आणि ढेरपोटी.

मी म्हटलं, "हे खोटं आहे. हे पसरलंय."

मुलगा खाली आला. म्हणाला, "बाबा, सेम आहे. थोडं वाइड दिसतंय एवढंच."

"तुझ्या आईचा फोटो असा वाइड करून भिंतीला लावला तर चालेल का तुला?"

तो पडद्याकडं वळला. मग म्हणाला, "आणि विहीर बघा ना, ती पण आधीपासून लंबगोलच आहे."

"विहीर तिरकी बघतोयस म्हणून. तबकडी समोरून आहे." मी वर जाऊन स्वयंपाकघरातून स्टीलची वाटी आणली आणि पालथी करून पडद्याला लावली. वाटीच्या वर-खाली तबकडी बरोबर बसली, पण डाव्या-उजव्या अंगाला बोट बोट बाहेर आली. "आता बोल."

मी उगीच अक्कल चालवत नव्हतो. एकतीस वर्षं मी आमच्या तालुक्याच्या टॉकीजला ऑपरेटर होतो. ऑपरेटर म्हणजे वर खोलीत बसून पिक्चर दाखवणारा. स्कोपचं पिक्चर असतं ना, मोठं रुंद, ते फिल्मवर दाबून घेतलेलं असतं. खास लेन्स लावली की पडद्यावर जाऊन पसरतं. आता स्कोपची लेन्स काढायची राहिली आणि साधं पिक्चर चढवलं, की झालंच! हीरॉईन बुटकी, हीरो गोणीसारखा, बैलगाडीची चाकं आडवी. खालून शिट्ट्या आणि माझ्या आईबापाचा उद्धार. हातून दोनदाच झालं माझ्या, पण दोन्ही वेळा आठवतात. त्यामुळं पसरलेलं चित्र मला झोपेतसुद्धा कळतं.

सून म्हणाली, "बाबा, रिझोल्यूशन चेंज करून बघू या का? म्हणजे चित्र किती ठिपक्यांचं काढायचं ते." तिनं गेममध्ये एक यादी उघडली. आकड्यांच्या तीन जोड्या. पहिली सहाशे चाळीस बाय चारशे ऐंशी, आई तीच वापरायच्या म्हणाली, दुसरी त्याच्यापेक्षा मोठी, तिसरी आणखी मोठी. मला वाटलं, तीन लेन्सा आहेत, एक तरी बसेल. मी म्हटलं, "बदल!"

तिनं दुसरी निवडली. पडदा काळा झाला. काळाकुट्ट. मुलगा म्हणाला, "गेलं. क्रॅश झालं बहुतेक, जुनी मशीन आहे यार." तोच चित्र परत आलं! मी वाटी लावली. अंडं. तिसरी निवडली. काळं, मी मनात आकडे मोजतोय, रीळ बदलताना मोजायचो तसे, आणि आलं! वाटी लावली. पुन्हा अंडं.

"तिन्ही सेम शेपच्या आहेत," सून आकडेमोड करून म्हणाली. "चारास तीन. जुन्या मॉनिटरचा शेप. आणि हा नवा जास्त रुंद आहे, त्याच्या शेपचं गेममध्ये काहीच नाही."

"म्हणजे संपलं," मुलगा म्हणाला. "गेम जुना, स्क्रीन नवी. आजकाल सगळ्यांकडे असंच दिसतं, बाबा. कुणाचं लक्ष पण जात नाही."

"लक्ष जात नाही म्हणून काय चाकं गोल होतात का? पडदे ओढ की."

"कसले पडदे?"

"बाजूचे! काळे!" मी आता ओरडायलाच लागलो होतो. "अरे, पडदा स्कोपचा आहे आणि पिक्चर साधं आहे. मग काय करतात? पिक्चर ओढून ताणून पडद्याएवढं करतात का? बाजूचे काळे पडदे दोरीनं आत ओढायचे, पडदा पिक्चरएवढा करायचा. एवढी साधी गोष्ट आहे. टॉकीजचा झाडूवाला पण करायचा."

मुलगा म्हणाला, "म्हणजे दोन्ही बाजूंना काळं ठेवायचं? एवढी मोठी स्क्रीन घेतलीय, ती वेस्ट करायची?"

"वेस्ट जाऊ दे तुझी स्क्रीन!"

पण सुनेनं ऐकलं होतं. ती खाली वाकून मॉनिटरच्या कडेखाली बोटं फिरवत होती. तिथं अंधारात चार बटणं होती. मुलगा म्हणाला, "अगं, ते ब्राइटनेसचं आहे." "थांब रे," ती म्हणाली. बटण दाबलं, एक छोटी यादी आली, तिच्यातून आणखी एक यादी आली. एक ब्राइटनेस, एक रंग, आणि एक… "बाबा! इथं दोन चॉइस आहेत. एक पूर्ण पसरा. दुसरा चित्राचा आहे तो शेप ठेवा."

"दाब!"

तिनं दाबलं आणि दोन्ही बाजूंनी काळे पडदे सरसर आत आले. खोटं सांगत नाही, दोरी ओढल्यासारखे आले. मी वाटी लावली. वाटी सरकू नये म्हणून सुनेनं माझं मनगट धरलं. बसली. वाटी तबकडीवर अशी बसली की तबकडी दिसेनाच! मी एवढ्या जोरात हसलो की वर झोपलेली नात उठून रडायला लागली. माणसं सडसडीत, घरं ताठ. मुलगा जिन्याकडं निघाला होता, तो अर्ध्या जिन्यात थांबला.

"बाबा," तो म्हणाला, "जरा बाजूला व्हा."

मी झालो. तो परत खाली आला आणि पडद्याजवळ नाक नेऊन उभा राहिला. चित्र अजून तिसऱ्या, सगळ्यात मोठ्या आकड्यावर होतं. मोठ्या आकड्यावर तबकडी तेवढीच राहते, घरं बारीक दिसतात, पण गावाचा पुष्कळ जास्त भाग एकदम दिसतो, हे मला तेव्हा कळलं. त्यानं एका वळणावर बोट ठेवलं. "ही विहीर. इथून रस्ता असा वळतो. इथं पवनचक्की. बाबा, ही आपली गल्ली आहे."

"काहीतरीच!"

"अहो बघा तरी! विहीर, मग दोन रिकाम्या जागा, मग पिठाची गिरणी. पवनचक्की म्हणजे गिरणी! मग शिंप्याचं घर. मग आपलं."

मी चष्मा पुसला. विहिरीशी झाड होतं. गल्ली कोपरासारखी मोडत होती, आमची मोडायची तशीच. आणि अगदी खालच्या टोकाला गेममधलं धान्याचं कोठार, सगळ्यात मोठी इमारत, एक खिडकी नाही. आमच्या गावात एकच इमारत होती एवढी मोठी आणि बिनखिडक्यांची.

"टॉकीज," मी म्हटलं.

सून खुर्चीत बसली. "आई मला सांगायच्या, इथं दोन घरांची जागा सोड, मग चक्की टाक. मी म्हणायचे, आई, जागा वेस्ट होतेय, तर रागवायच्या. मला काय माहीत! मी तुमचं गाव लग्नात दोन दिवस पाहिलंय फक्त."

मग आम्ही बापलेक जे सुरू झालो! तो म्हणतो हे सोनाराचं, मी म्हणतो सोनार पलीकडच्या बाजूला, तो म्हणतो तुम्ही दिवसभर झोपायचात, तुम्हाला काय माहीत, मी म्हणतो रात्री शो करून कोण आणायचा तुला शाळेच्या फीचे पैसे. सुनेनं दोघांना गप्प केलं. आमच्या घराच्या जागी हिनं गेममधलं सगळ्यात चांगलं, दुमजली, बागवालं घर बांधलं होतं. मी म्हटलं, "हे मात्र खोटं. दोन खोल्या होत्या आणि पावसात एक." मुलगा हसला. आई गेल्यापासून तो माझ्यासमोर हसला नव्हता.

मग सूनच म्हणाली, हळूच, "बाबा, पण आईंनी हे असं एकत्र कधी पाहिलंच नाही. त्या छोट्या रिझोल्यूशनवर खेळायच्या, त्यांना सगळं मोठं दिसायला हवं असायचं. त्यावर एका वेळी चारच घरं दिसतात."

मी त्या चित्राकडं बघत राहिलो. म्हणजे पूर्ण गल्ली तिच्या डोक्यात होती. चार छपरं समोर, बाकी सगळं डोक्यात.

"छोटं कर," मी म्हटलं.

मुलगा म्हणाला, "अहो, आता तर सगळं दिसतंय! राहू दे ना. मी याचा फोटो काढून प्रिंट करून देतो तुम्हाला."

"प्रिंट कर, भिंतीला लाव, काय हवं ते कर. पण आधी मला ते तिच्या आकड्यावर आणून दे. आणि या गावाची आणखी दोन ठिकाणी कॉपी करून ठेव, आणि मला तो माऊस दे."

सुनेनं केलं. पडदा काळा झाला, यावेळी मी मोजलं नाही. चित्र आलं, मोठं, स्वच्छ, बाजूला काळं, तबकडी गोल. चार छपरं. सुनेनं शिकवलं की माऊस कडेला ढकलला की गाव सरकतं. माझा हात जड, गाव एकदम नदीपलीकडं पळालं, मुलगा म्हणाला, "हळू, बाबा, हळू." तिसऱ्या खेपेला जमलं. मी कोठारापासून, म्हणजे टॉकीजपासून निघालो. चार घरं, मग पुढची चार. प्रत्येक घरापाशी थांबलो. माणसं ओझी घेऊन येत होती, जात होती.

थोड्या वेळानं वरून सून म्हणाली, "बाबा, जेवायला चला, पोळ्या गार होतायत."

मी म्हटलं, "तुम्ही बसा. मला अजून विहिरीपर्यंत पोचायचंय."