बद्द वाजणारी घंटी

आमच्या केदारखेड्याच्या आसराबाईचं बालपण मेंढरांमागे गेलं. डोळे मिटून, नुसत्या घंटीवरून कोणती मेंढी कुठे चरतेय ते ती सांगायची. पण पुंजाराम महाराजांकडून नामाची दीक्षा घेऊन अकरा वर्षं झाली, रोज पहाटे अंगठ्यांनी कान बंद करून बसली, तरी ध्यानात ऐकू येतो म्हणतात तो आतला नाद काही तिला ऐकू आला नाही.

सत्संगातल्या बाकीच्यांना मात्र सगळं ऐकू यायचं. कुणाला शंख, कुणाला बासरी. सोमेश्वरला तर मृदंग. घरी बायकोची हाक त्याला ऐकू येत नाही, ते सोडा. आतला अनुभव गुरूशिवाय कुणाला सांगायचा नसतो, पण तोंड आवरतंय कुणाला? एकदा बायांनी फारच खोदून विचारलं, तेव्हा आसराबाई बोलून गेली, घंटी ऐकू येते, जराशी बद्द वाजणारी. महाराज समोरच होते. त्यांनी पुढचं भजन घ्यायला सांगितलं.

नवीन नाम घेतलेली सुरेखा तेव्हापासून तिला चिकटली. रोज विचारायची, मला कधी ऐकू येईल? चार महिन्यांनी ती यायचीच बंद झाली. माझ्यातच खोट आहे, म्हणाली.

हे कळल्यावर आसराबाई तशीच उठून निघाली. तिने महाराजांचे पाय धरले आणि सगळं कबूल केलं.

महाराज म्हणाले, "बद्द घंटी मेंढीच्या गळ्यात असती, बाई. म्याबी मेंढरामागं हिंडलोय. त्याच दिवशी वळखलं."

"मंग बोलले का न्हाई?"

"ते तुझ्याच तोंडून यायला पायजे व्हतं. अकरा वर्षं काही न ऐकता बसणारी माझ्याकडं तू एकलीच हाईस. आता जाय, हेच सुरेखाला सांग."

हे ती आजही सांगते. गुरू रागावले असते तर सोपं गेलं असतं, म्हणते.

दुसऱ्या दिवशी पहाटे ती सुरेखाच्या दारात उभी राहिली. "मला आजून काहीच ऐकू आलं न्हाई, पोरी. ती घंटी आमच्या मेंढीची व्हती. तरी म्या बसून राह्यले."

 सुरेखा आत गेली, पोतं आणून ओसरीवर अंथरलं, आणि तिच्यासाठी जागा ठेवून स्वतः एका कडेला अंगठ्यांनी कान बंद करून बसली.