चिमटा पुसेलेत्सोच्या हातात

पुसेलेत्सो आणि मी बावीस वर्षं शेजारणी. बोट्शाबेलो गावात आमच्या दोघींच्या अंगणांमध्ये एक तारेचं कुंपण आहे, तेही तिच्या कोंबड्यांनी ठिकठिकाणी वाकवलेलं. बाई बुटकी, पण मनगटं पैलवानाची. एकोणीस वर्षं ती खाटकाच्या दुकानात करवतीपाशी उभी राहून हाडं कापत होती. मांसाला नुसतं बोट लावून ती सांगायची, जनावर म्हातारं होतं की तरणं. आणि अशा बाईला स्वतःच्या अंगणात मांस भाजायची सोय नव्हती!

कारण आमच्याकडे अंगणातली आग पुरुषाची. घरातला पुरुष चिमटा धरतो. बाकीचे बाटल्या हातात घेऊन भोवती उभे राहतात, फुकटचे सल्ले देतात, पण चिमट्याला हात लावायची कुणाची छाती नसते. चिमटा ज्याच्या हातात, तो घराचा धनी. बायका आत मक्याच्या पिठाची उकड ढवळतात आणि कोबी चिरतात.

तिचा नवरा मोत्लात्सी भला माणूस होता, पण त्याच्या हाताला चव म्हणून नव्हती. स्टेक, म्हणजे मांसाचे जाड काप, ती मुरवायची, निखारे झाले की स्वयंपाकघराच्या खिडकीतून डोळ्यांनी खुणावायची, आणि वाहवा मिळायची मोत्लात्सीला. मी एकदा विचारलं, "तुला राग नाही येत गं?"

"येतो ना. पण चिमटा धरला की तो किती खूश असतो, बघितलंस का?"

मागच्या वर्षी तो गेला. वर्षभर तिनं काळे कपडे घातले, दिवस मावळायच्या आत घरी आली, चारचौघांत मोठ्यानं हसली नाही. यंदा सप्टेंबरातल्या एका शनिवारी ते कपडे उतरवायचा विधी ठरला आणि सासरची माणसं क्वाक्वाहून आली. सोबत आत्याबाई, म्हणजे मोत्लात्सीची आत्या. वय ऐंशीच्या पुढे, आणि घराण्यात शेवटचा शब्द त्यांचाच. आणि धाकटा दीर, त्शोकोलो. त्याच्या पिकअपमध्ये एक गादी, दोन सुटकेसा आणि टीव्ही होता. विधीला कुणी टीव्ही घेऊन येतं का?

काळे कपडे जाळून झाल्यावर आत्याबाईंनी घरच्या मंडळींत सांगूनच टाकलं. "एकट्या बाईच्या घराला पुरुष हवा. त्शोकोलो इथेच राहील. जेवणं झाली की सगळ्यांसमोर तसं सांगते." एकदा त्यांनी चारचौघांत सांगितलं की ते बदलत नाही, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. पुसेलेत्सो सरळ उठून आत गेली. मला तिचा भयंकर राग आला. घर हातचं चाललं होतं आणि ही बाई स्वयंपाकघरात दोन बोटं जाडीचे स्टेक व्हिनेगर, तेल, ठेचलेला लसूण आणि भरडलेल्या धन्यांत उलटेपालटे करत बसली होती!

"मीठ राहिलं," मी तुसडेपणानं म्हणाले.

"ते जाळीवर चढताना. आधी घातलं की पाणी सुटतं."

बाहेर त्शोकोलोनं कोट काढून कुंपणावर टाकला, बाभळीची लाकडं पेटवली आणि भिंतीवरचा चिमटा उतरवला. आतून सहा स्टेक मागवले, त्यांच्यावर जर्दाळूच्या चटणीची अर्धी बाटली ओतली आणि जाळ धडधडत असतानाच ते जाळीवर टाकले. चटणीत साखर. व्हायचं तेच झालं. मांस काळंठिक्कर पडलं, जाळ वर आला. तो विझवायला गृहस्थानं बाटलीतली बिअर ओतली, तर राख उडून सगळी मांसावर बसली.

"त्शोकोलो, जेवायला घालतोयस की कोळसा विकायला बसलायस?" कुणीतरी ओरडलं.

तेवढ्यात पुसेलेत्सो दार उघडून बाहेर आली. अंगात पिवळाधमक झगा, कमरेवर उरलेल्या स्टेकचं पातेलं.

"भावजी, चिमटा द्या."

"वहिनी, आत जा तुम्ही. जाळापाशी बायकांचं काय काम?"

"मांस मारताय तुम्ही, म्हणून आले."

"मांस मेलेलंच असतं, वहिनी!" पुरुष खो खो हसले.

"एकदा मेलेलं असतं. तुम्ही दुसऱ्यांदा मारलंत."

आता हसू त्याच्यावर उलटलं. त्याचा चेहरा पडला. "हा चिमटा माझ्या भावाचा आहे," तो म्हणाला.

"तुमचा भाऊ माझा नवरा होता. आणि चिमटा मी आणलाय." तिनं एक हिसका दिला. चिमटा तिच्या हातात आला आणि त्शोकोलो दोन पावलं मागे गेला.

ओट्यावरून आत्याबाई कडाडल्या, "पुसेलेत्सो! कपड्यांबरोबर लाजही जाळलीस का?"

"आत्याबाई, वर्षभर तुम्ही सांगितलंत तशी वागले. ते मोत्लात्सीसाठी. याच्यासाठी एक दिवसही वागणार नाही. घर माझं आहे. आग माझी आहे. हिच्यावर कोण भाजणार, ते मी ठरवणार."

मी स्वयंपाकघराच्या दारातून "बरोबर बोलली!" असं ओरडले. माझ्या नवऱ्यानं माझ्याकडे असं काही बघितलं, की आमच्याही घरी आता चिमट्याचा विषय निघणार हे मी ओळखलं.

तिनं कुणाकडेच बघितलं नाही. जळती लाकडं बाजूला सारली, जाळी घासून पुसली आणि निखाऱ्यांवर राखेचा पांढरा पापुद्रा धरेपर्यंत थांबली. आच बघायला जाळीच्या वर तळहात धरून पाच आकडे मोजले. मग स्टेकना मीठ लावून ते ठेवले. चर्र झालं. सल्ला द्यायचं कुणाला सुचलं नाही. चटणीचा नुसता एक हात तिनं शेवटी फिरवला. "आता जरा निवू द्या, लगेच चाकू लावायचा नाही," एवढंच बोलली. त्या वासानं माझ्या पोटात कावळे ओरडायला लागले.

पहिलं ताट वाढलं. ते ती ओट्याकडे नेणार, असं सगळ्यांना वाटलं. पण ती पिकअपला टेकून उभ्या असलेल्या त्शोकोलोकडे गेली. आमच्या रीतीप्रमाणे गुडघे किंचित वाकवून, ताट दोन्ही हातांनी पुढे केलं.

"घ्या, भावजी. पहिलं ताट पाहुण्याचं."

शब्द अंगणभर ऐकू गेले. ताट घेतलं की तो सगळ्यांसमोर पाहुणा ठरणार, घराचा धनी नव्हे. त्शोकोलोनं ओट्याकडे पाहिलं. तो पहाटे निघाला होता, पोटात अन्नाचा कण नव्हता. ताट त्याच्या नाकाखाली वाफाळत होतं. त्यानं थोडा वेळ तग धरला आणि मग दोन्ही हातांनी ताट घेतलं.

आत्याबाईंनी काठी ओट्यावर आपटली.

"आणि मी गं? मीही पाहुणीच का या घरात?"

पुसेलेत्सो आगीकडे परतत होती. ती थांबली, वळली.

"हो, आत्याबाई," ती म्हणाली. "तुम्हीही."