गादीशिवाय उडी नाही

"स्टेजवर गाद्याबिद्या पसरून डोंबाऱ्याचा खेळ करायचा नाहीये आपल्याला."

असं चेअरमन म्हणाले. मस्कतच्या बौशर भागातल्या त्यांच्या ऑफिसात. कॉलेजच्या वार्षिक समारंभाची मीटिंग होती. मी त्या कॉलेजात मुलींना जिम्नॅस्टिक्स शिकवते. आमच्या आयटमसाठी मी उतरायच्या जागी जाड गाद्या मागितल्या होत्या. दुसरं काही मागितलं नव्हतं. लाइट नाही, नवे कपडे नाहीत, माझं नावसुद्धा नाही.

बोलून झाल्यावर त्यांच्या लक्षात आलं. माझ्याकडे बघून हसले.

"सॉरी हं मॅडम. तुम्ही त्यातल्याच, नाही का? मग तुम्हाला कशाला हव्यात गाद्या? तुम्ही लोक तर डांबरावर उड्या मारता."

टेबलाभोवतीची सगळी माणसं हसली. बहुतेक मराठीच. पुण्यामुंबईची, शिकलीसवरलेली, भेटलं की "कधी येताय जेवायला" म्हणणारी. इव्हेंटवाला सगळ्यात मोठ्याने हसला. मी म्हणाले, "हो सर."

हो. मी त्यातलीच. माझा बाप डोंबारी. गावोगावच्या बाजारात तो ढोलकं वाजवायचा आणि आम्ही दोघी बहिणी बांबूंवर ताणलेल्या दोरीवरून चालायचो. खाली उतरून कोलांट्या मारायचो. ही गोष्ट मी कधी लपवली नाही. उलट कॉलेजनेच ती छापली. माझा फोटो आणि खाली मोठ्या अक्षरांत, रस्त्यापासून ऑलिम्पिकपर्यंत. ॲडमिशनच्या दिवसांत मस्कतच्याच अल खौद भागात रस्त्यावर तो बोर्ड लागतो. बोर्डावर माझी जात दागिना. मीटिंगमध्ये मी गादी मागितली की तीच जात चाबूक. एकच माणूस दोन्ही हातांनी वापरतो.

गादीचं मला एवढं का लागलं, ते सांगते.

माझी थोरली बहीण सुंदरा. माझ्यापेक्षा कितीतरी चांगली होती ती. दोरीवर डोळे मिटून चालायची. तालुक्याच्या एका बाजारात ती दोरीवरून पाठीवर पडली. खाली शहाबादी फरशी. ती उठेना. आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, खेळातलंच आहे. बापाने ढोलकं थांबवलं नाही. थांबवलं असतं तर लोक पांगले असते आणि त्या दिवशी चूल पेटली नसती. त्याने मला डोळ्यांनी खुणावलं. बहीण तिथे पडलेली आणि मी थाळी घेऊन गर्दीत फिरले. पैसे टाकताना लोक हात उंच धरत होते. थाळीला बोट लागू नये म्हणून.

सुंदरा आज आहे. गावाकडे असते. भिंतीला टेकल्याशिवाय तिला बसता येत नाही.

पुढे मी आश्रमशाळेत गेले. तिथल्या ड्रिलच्या सरांनी मला पुण्यातल्या एका जिम्नॅशियममध्ये नेलं. मोठा हॉल, आत निळ्या गाद्या. शिकवणाऱ्या बाईंनी पहिल्यांदा माझे पाय बघितले. म्हणाल्या, "आधी पाय धुऊन ये. मग आत ये." हॉलमधली सगळी मुलं अनवाणीच होती. पाय फक्त मला धुवायला लावले. मी धुऊन आले. तर म्हणाल्या, "तू खाली फरशीवर कर. तुला सवय आहे."

रोज पाय धुवायचे. रोज फरशीवर करायचं. गाद्यांवर फी भरणाऱ्यांच्या मुली असायच्या. त्या पडायच्या, खिदळायच्या, पुन्हा उठून पळायच्या. पडल्यावर हसता येतं, हे मी तिथे पहिल्यांदा बघितलं.

एकदा दुपारी हॉलमध्ये कोणी नव्हतं. मी पळत गेले, उडी मारली आणि गादीवर मुद्दाम पाठीवर पडले. सुंदरा पडली होती तशी. धप्प आवाज आला, बस. काही झालं नाही. मी तिथेच छताकडे बघत पडून राहिले. कोणाला वाटेल मला आनंद झाला. नाही. मला संताप आला. एवढंच होतं? ही वस्तू जगात होती. दुकानात मिळत होती. पोरीबाळींच्या अंगाखाली रोज अंथरली जात होती. आणि माझ्या बहिणीखाली ती कोणी टाकली नाही. देवाने नाही, सरकारने नाही, टाळ्या वाजवणाऱ्यांपैकी एकानेही नाही. नशीब नशीब म्हणून माझी आई ज्याला रडत होती, ते फोमचं होतं आणि त्याला कापडाचं कव्हर होतं.

दुसऱ्या दिवशी मी पाय न धुता सरळ गादीवर जाऊन उभी राहिले. बाई ओरडल्या. मी म्हटलं, "इथेच करणार. नाहीतर करणार नाही." मला वाटलं, आता हाकलतील. हाकललं नाही. तोवर मी त्यांच्या नावावर बक्षिसं आणायला लागले होते, म्हणून नाही हाकललं. उगाच त्यांच्या मनाचा मोठेपणा कोणी काढू नये.

ऑलिम्पिकचं फार सांगत नाही. लोकांना तेवढंच ऐकायचं असतं, म्हणून सांगत नाही. बीम हा माझा प्रकार. छातीच्या उंचीवर वीतभरही रुंद नसलेली पट्टी, तिच्यावर चालायचं, गिरक्या घ्यायच्या, उलटं उडून पुन्हा तिच्यावरच यायचं. मी पात्रता फेरीतून पुढे गेले नाही. एका गिरकीत तोल गेला, सावरला, पण गुण गेले. परत आल्यावर सत्कार झाला. संघटनेचे एक साहेब माइकवर म्हणाले, "ह्यांच्या रक्तातच असतं हो. ह्या लोकांना शिकवावं लागत नाही."

टाळ्या. मी नारळ धरून उभी. तळहाताची सालटी निघाली ती काय रक्तात होती? मोडून वेडीवाकडी जुळलेली बोटं? इंजेक्शनं घेऊन उभा केलेला गुडघा? इतरांची मेहनत ती मेहनत आणि आमची मेहनत ती जात. हे सगळं माझ्या तोंडापर्यंत आलं होतं. पण मी नारळ घेऊन घरी गेले.

मग गुडघा पुरताच गेला. खेळ संपला. मी कोचिंगचा डिप्लोमा केला आणि ओळखीतून हे मस्कतचं काम मिळालं. खाजगी कॉलेज, मालकी एका ओमानी शेखची, कारभार सगळा चेअरमनच्या हातात. मुलींचा हॉल वेगळा, तिथे बाईच कोच हवी होती.

खेळाडूला स्वतःचं अंग कळलं की भागतं. कोचला दुसऱ्याचं अंग कळावं लागतं. ते शिकायला मला वेळ लागला. पण एक गोष्ट मी पहिल्या दिवसापासून ठरवलेली. मी मुलींना आधी पडायला शिकवते. पाठीवर, कुशीवर, हात वाचवून, मान वाचवून. ओमानी मुली वैतागतात. "यल्ला, चला ना मिस, जंप कधी?" मी म्हणते, इन्शाल्ला होईल जंप, आधी नीट पड.

या मुलींमध्ये तन्वी सगळ्यात पुढे. जन्म इथलाच, मराठी बोलताना अडखळते. तिचा बाप मालवणकडचा, एसीचा मेकॅनिक. चेअरमनच्या दुसऱ्या कंपनीत नोकरीला. समारंभ हॉटेलात, बायका-पुरुष एकत्र. तिथे ओमानी मुली खेळणार नव्हत्या, हे सगळ्यांना माहीत होतं. उरली तन्वी. बाकीच्या मुलींनी नुसते झेंडे घेऊन चालायचं, मधून तन्वीने पळत यायचं, दोन उलट्या उड्या, तिसरी हवेत उंच, आणि प्रमुख पाहुण्यांच्या समोर उतरून त्यांना बुके द्यायचा. चेअरमनची कल्पना. खाली एलईडीचा फ्लोअर, काचेसारखा, त्यावर कॉलेजचा लोगो चमकणार. गादी टाकली तर लोगो झाकला जातो. एवढंच कारण होतं. एका पोरीची मान एका बाजूला आणि लोगो दुसऱ्या बाजूला.

मी "हो सर" म्हणून आले होते. नोकरी त्यांच्या हातात, व्हिसा त्यांच्या हातात. सुंदराची औषधं माझ्या पगारावर. रात्रभर स्वतःला समजावत होते की मुलगी तयारीची आहे, एकदाच तर करायचं आहे. समारंभाच्या दिवशी दुपारी रंगीत तालमीला गेलो तेव्हा मी फ्लोअरवर हात फिरवून बघितला. गुळगुळीत. बोट घसरत होतं. आत लोखंडी सांगाडा.

चेअरमन समोर खुर्चीवर बसले होते. तन्वीचा बाप कोपऱ्यात उभा होता, स्टेजजवळचे कूलर लावायला आलेला. मी त्याच्याकडे गेले. म्हटलं, दादा, मला हे बरोबर वाटत नाही. तो माझ्याकडे न बघता म्हणाला, "करूक द्या तिका, मॅडम. साहेबांका नाय म्हणून कसा चालतला? माजी नोकरी तेंच्याकडे आसा."

तन्वीने ऐकलं. माझ्याजवळ येऊन म्हणाली, "इट्स ओके मॅम. मी फास्ट करते. भीती नाही वाटत." तिचे ओठ पांढरे पडले होते.

म्युझिक लागलं. ती पळत आली. पहिल्याच उडीला हात टेकवला आणि तळवा सरकला. अंग हवेत वाकडं झालं. तिने कूस वळवली, खांदा आत घेतला आणि गोल फिरत फ्लोअरवर आदळली. मी शिकवलं होतं तशी पडली, म्हणून मान वाचली. मनगट धरून तशीच बसली.

आणि इव्हेंटवाल्याने टाळ्या वाजवल्या. लाइटवाल्या पोरांनी वाजवल्या. चेअरमनही म्हणाले, "वा! हे ठेवा. हे गोल फिरणं छान दिसतंय."

त्यांना वाटलं, खेळातलंच आहे.

माझ्या डोक्यात काय झालं, सांगता येत नाही. मी स्टेजवर चढले. म्युझिक बंद करायला लावलं.

"ही मुलगी आज उडी मारणार नाही."

"म्हणजे काय?" चेअरमन म्हणाले.

"गादी असेल तर मारेल. नसेल तर नाही."

"मॅडम, आपलं बोलणं झालंय. मला डोंबाऱ्याचा खेळ नकोय स्टेजवर."

"सर, मी डोंबाऱ्याची मुलगी आहे. तो खेळ मी केलाय. त्यात गादी नसते. खाली दगड असतो, पोर पडली तरी लोक टाळ्या वाजवतात आणि पैसेवाला लांब खुर्चीवर बसलेला असतो. तुम्ही आत्ता करताय तो डोंबाऱ्याचा खेळ. मी करते ते जिम्नॅस्टिक्स."

हॉलमध्ये कोणी हसलं नाही. चेअरमन उठून उभे राहिले. इतके दिवस मॅडम आणि तुम्ही होतं, ते गेलं.

"तुझा व्हिसा कोणाकडे आहे, माहितीये ना तुला?"

"माहितीये."

"मग?"

"मग तो कॅन्सल करा. नकार माझा आहे. हिच्या वडिलांचा नाही, हिचा नाही. नाव माझं घ्या." मी तन्वीला म्हटलं, "बूट घाल. डॉक्टरकडे जायचंय."

तिचं मनगट मुरगळलं होतं. संध्याकाळी समारंभ झाला. मुली झेंडे घेऊन चालल्या. एका मुलीने चालत जाऊन पाहुण्यांना बुके दिला. पाहुण्यांनी तो घेतला आणि शेजारच्या माणसाशी बोलत राहिले.

पुढे गोड काही झालं नाही. एचआरने बोलावलं. म्हणाले, सगळ्या स्टाफसमोर माफी मागा, विषय खलास करू. मी म्हटलं, नाही मागत. या टर्मनंतर माझं कॉन्ट्रॅक्ट पुढे चालणार नाही, असं तोंडी सांगितलंय. तन्वीच्या बापाची बदली मस्कतपासून लांब, निझवाच्या साइटवर झाली. मी नाव माझं घ्या म्हटलं होतं, त्यांनी दोघांची घेतली. तो फोनवर म्हणाला, "तुमची जिद्द झाली, मॅडम. भोगतंय मी." तो चुकीचं बोलला नाही. त्याचा राग माझ्यावर निघतो, कारण साहेबांवर काढता येत नाही. हे मला कळतं आणि तरी झोंबतं. तन्वी मात्र हॉलमध्ये येते. मनगटाला पट्टी बांधून पाय मोकळे करते.

मराठी मंडळींपैकी काहीजण आता भेटल्यावर समजावतात. एवढ्या तेवढ्यासाठी नोकरी घालवायची का, म्हणतात. जरा गोडीत सांगायचं होतं. मी गोडीत सांगितलं होतं. मीटिंगमध्ये हात जोडून मागितली होती गादी. तेव्हा हीच माणसं हसली.

मला पश्चात्ताप नाही. भीती आहे. सुंदराची औषधं कशी आणायची, ही भीती रोज सकाळी उठते माझ्याबरोबर. ती भीती घेऊनच मी हॉलवर जाते आणि शिकवते. उद्या इथून काढलं तर दुसरीकडे शिकवीन. कॉलेज नाही मिळालं तर आमच्या पालांवर जाऊन आमच्या पोरींना शिकवीन. कोणी कोच म्हणो, कोणी डोंबारीण म्हणो, मला दोन्ही चालतं. पण माझ्या हाताखालची एकही पोर यापुढे कोणाच्या टाळीसाठी उघड्या जमिनीवर उतरणार नाही. ओमानी नाही, मराठी नाही, डोंबाऱ्याची तर मुळीच नाही. ज्याला उडी बघायची असेल, त्याने आधी खाली गादी टाकावी. टाकायची नसेल तर स्वतः मारावी.