येते म्हणून गेलेली बाई

आम्ही जर्मनीत वाल्डॉर्फला राहत होतो. त्या हिवाळ्यात सासूबाई तीन महिन्यांसाठी आल्या होत्या आणि रोज सकाळी घरात एकाच शब्दावरून वाद व्हायचा. माझी अकरा वर्षांची मुलगी दप्तर पाठीला लावून दारातून ओरडायची, "आजी, जाते, च्युस." च्युस म्हणजे जर्मनमधलं बाय-बाय. सासूबाई हातातलं काम टाकून म्हणायच्या, "जाते नाही गं, येते म्हण." त्यावर ती म्हणायची, "आबर इश गेहे डॉख." म्हणजे, पण मी तर जातेच आहे. तिचंही बरोबर होतं. मराठी तिला सगळं कळायचं, पण तोंडातून निघायचे ते दोन-चारच शब्द, आणि त्यातलाही एक आजीला चालत नव्हता.

सासूबाईंची ही शेवटची खेप होती. हृदयाचं दुखणं होतं, पुण्याच्या डॉक्टरांनी कशीबशी परवानगी दिली होती आणि यापुढे विमान नाही असं बजावलं होतं. मुलीलाही आम्ही ते सांगितलं होतं. आपण परत जायच्या आत नातीने आपल्याशी एकदा तरी धड मराठीत बोलावं, एवढीच सासूबाईंची इच्छा होती.

तेव्हा मी हायडेलबर्गच्या एका वाचनमंडळात जायचे. घानातली आजची एक लेखिका, तिची नाटकं आम्ही जर्मन अनुवादातून वाचत होतो. मंडळींना त्यात ढोल हवे होते, जंगल हवं होतं, देव अंगात यायला हवे होते. लेखिका त्यांना यातलं काहीच देत नव्हती. एका नाटकात मयताला कुठल्या रंगाचं कापड नेसायचं यावरून जावाजावांची जुंपते. दुसऱ्यात बसस्टँडवर मासे विकणाऱ्या दोघी दिवसभर एकमेकींचं गिऱ्हाईक पळवतात आणि मग एकाच ताटात जेवतात. "पण यात आफ्रिका कुठे आहे?" असं एका गृहस्थांनी विचारलं तेव्हा मला रागच आला. मला तर पानोपानी ओळखीच्या बायका भेटत होत्या.

तिसऱ्या नाटकात एक आई कामासाठी शहराला निघते. दारात उभी राहून मुलांना "येते" म्हणते आणि जाते. पुढे कुठल्याच प्रवेशात ती नाही. मुलं मोठी होतात, भांडतात, त्यांची लग्नं होतात, पण जेवायला बसताना तिचं ताट वाढून ठेवतात. मंडळ चालवणाऱ्या बाई निवृत्त शिक्षिका होत्या. त्यांनी त्या शब्दाखाली पेन्सिलीने रेघ ओढली. "आल्झो, तर मग, ही अनुवादाची चूक आहे. घरातून निघालेलं माणूस 'जाते' म्हणेल." सगळ्यांनी माना डोलावल्या. आमच्याकडेही असंच म्हणतात, हे मला सांगायचं होतं, पण जर्मन शब्द जुळेपर्यंत पान उलटलं गेलं.

घरी जेवताना मी सासूबाईंना ते सगळं नाटक सांगितलं. बाईंनी काढलेली चूकही सांगितली.

"चूक कसली त्यात?" त्या म्हणाल्या. "गेले म्हणजे वारले. जिवंत माणूस दारातून जाते म्हणेल का?"

मुलगी ताटातला भात चिवडत ऐकत होती. जर्मनमध्ये म्हणाली, "पण ती आलीच नाही. म्हणजे ती खोटं बोलली." मी सासूबाईंना ते मराठीत सांगितलं.

"खोटं नाही, बाळा. जाते म्हणून गेली असती तर पोरांनी ताट कुणासाठी वाढलं असतं?"

दुसऱ्या दिवशी शाळेत जाताना मुलीने फक्त "च्युस" म्हटलं. पुढेही तेवढंच. सासूबाईंनी तिला हटकायचं सोडून दिलं, आणि मला ते जास्त लागलं.

मंडळाच्या पुढच्या बैठकीत मी सासूबाईंचं ताटाचं ते वाक्य मोडक्यातोडक्या जर्मनमध्ये सांगितलं. बाईंनी मधल्या काळात मूळ इंग्रजी नाटक काढून पाहिलं होतं. घानातही निघणारं माणूस 'येते' असंच म्हणतं, असं त्यांना कळलं होतं. "गेनाऊ, अगदी बरोबर," म्हणत त्यांनी खोडरबराने रेघ पुसली. मी जिंकले होते, पण घरी सासूबाईंची बॅग भरायला घेतली होती.

फ्रँकफर्टच्या विमानतळावर त्यांना व्हीलचेअर मिळाली. कर्मचारी न्यायला आला तेव्हा त्यांनी नातीचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"बरं, जाते गं सोने," त्या म्हणाल्या.

नातीचं ऐकून ऐकून जीभ वळली होती, की त्यांना खरंच तसं म्हणायचं होतं, मला आजही ठाऊक नाही. मुलीने खुर्चीचा हात घट्ट धरला.

"जाते नाही, आजी. येते म्हण."

सासूबाई तिच्याकडे बघतच राहिल्या. मग म्हणाल्या, "येते."

"ये," मुलगी म्हणाली, आणि तिने खुर्ची सोडली.