काचेमागची जर्नल्स

डॉक्टरांनी कपाटाचं दार माझ्या बोटांवर आपटलं. बोटं अडकलेली बघून पुन्हा, अंग टाकून दाबलं.

उल्हासनगर कॅम्प तीनमधलं खासगी हॉस्पिटल. मी तिथली सीनियर नर्स. औषधं, चादरी, सिलिंडर, सगळ्याचा हिशेब माझ्याकडे. डॉक्टरांच्या केबिनमधलं काचेचं कपाटही मीच पुसायचे. आत परदेशी मेडिकल जर्नल्स. पोस्टाने यायची आणि प्लास्टिक न फाडता रांगेत लागायची. पेशंट ती बघून हात जोडायचे.

माझा धाकटा भाऊ जीन्सच्या कारखान्यात वाळूच्या फवाऱ्याने कापड झिजवायचा. खोकून वाळला होता. डॉक्टर टीबीची औषधं देत होते. थुंकीत जंतू सापडत नव्हते, गुण येत नव्हता. मी सायबर कॅफेत शोधलं. याच कामातल्या मजुरांच्या फुफ्फुसांवर एक लेख होता. चार ओळी फुकट, पुढे डॉलर मागत होते. जर्नलचं नाव ओळखीचं निघालं. मी रोज पुसायचे, तेच.

"सर, एक अंक वाचायला घेऊ? भावासाठी."

हसले. "सिस्टर, बेडपॅन उचला. जर्नल कसलं वाचताय?"

मी दार उघडून हात घातला. तेव्हा त्यांनी दार आपटलं. "सवलतीवर नर्स झालीस ना? तेवढ्यात राहा."

मी हात ओढून घेतला, त्यांनी कपाटाला कुलूप लावलं. नख लोंबत होतं. फरशीवर रक्त.

"आधी पूस ते. बाहेर पेशंट बसलेत."

आणि मी पोछा उचलला. सवयच ती. वाकले. एक हात फिरवला, रक्त पसरलं. माझंच रक्त, मीच पुसतेय.

उठले. पोछ्याचा दांडा काचेवर घातला. पुन्हा घातला. त्या लेखाचा अंक ओढला. वॉचमनने केस धरून पायऱ्यांवरून फरफटवलं. पोटाशी धरलेला अंक सोडला नाही.

झेरॉक्सवाला सिंधी म्हणाला, "दीदी, खून टपक रहा है. पहले पट्टी करा लो."

"पहले झेरॉक्स."

लेखात स्पष्ट होतं. टीबी नव्हे, वाळूची धूळ. बरं करणारं औषध नाही. काम ताबडतोब सोडा. अंकावरची तारीख पाहिली. तो कपाटात लागला तेव्हा माझा भाऊ कारखान्यात लागलाही नव्हता, आमच्या हेंद्रेपाड्यात क्रिकेट खेळत होता.

भाऊ गेला. नोकरी गेली. त्या लेखाचं मराठी-हिंदी करून मी कारखान्यांच्या दारात वाटलं. मालकाच्या माणसांनी मारलं. बरी झाले, पुन्हा वाटलं.

डाव्या हाताची दोन बोटं आजही मिटत नाहीत. उजवा शाबूत आहे. आमच्या मरणाचं कारण जिथे कुलपात ठेवलं असेल, तिथली काच मी फोडणार. आता विचारणार नाही.